अम्माची कण्णगी

साकीनाक्याला खैरानी रोडच्या आतल्या चाळीत आजीच्या शेजारी तिरुनेलवेलीकडची एक बाई राहायची. नाव आता घरात कुणालाच आठवत नाही, सगळे अम्माच म्हणायचे. तिचे डोसे इकडे, आजीची घावणं तिकडे. डोक्यात मात्र दोघींच्याही अबोली. संध्याकाळी दाराशी बसून केळीच्या ओल्या सोपात वळेसर गुंफताना अम्मा मोडक्या हिंदीत कण्णगीची गोष्ट सांगायची.

इळंगो अडिगळांच्या ‘शिलप्पदिकारम्’ची ही कथा. कोवलन बायकोला टाकून माधवी नावाच्या नर्तकीकडे राहतो, सगळं गमावून परत येतो. कण्णगी पायातलं पैंजण त्याच्यापुढे ठेवते. ते विकायला तो मदुरैला जातो, तर राणीचं पैंजण चोरल्याचा आळ येतो आणि पांड्य राजा शहानिशा न करता त्याचा जीव घेतो. कण्णगी दुसरं पैंजण घेऊन दरबारात उभी राहते. राणीच्या पैंजणात मोती, हिच्या पैंजणात माणकं! ते फोडल्यावर राजा जागीच प्राण सोडतो आणि मदुरै जळतं. १९६८ साली मद्रासच्या मरीनावर तिचा पुतळा उभा राहिला, हातात तेच पैंजण.

मला विचाराल तर त्या आगीपेक्षा तिची आधीची वाट पाहणंच जास्त जाळतं. जुन्या तमिळ कवींनी प्रेमाच्या प्रत्येक अवस्थेला एकेक मुलूख दिला: मीलनाला डोंगर, वाट पाहण्याला रान, रुसव्याला भातशेती, ताटातुटीला रखरखीत माळ आणि झुरण्याला समुद्रकिनारा. आजी तर वेंगुर्ल्याची. आजोबा मुंबईत नोकरीला, पावसाळ्यात बोटी बंद. लग्नानंतरची कित्येक वर्षं ती त्या किनाऱ्यावरच होती. अम्माचाही म्हणे लग्नाआधी कुणी होता, कोलंबोला गेला तो गेलाच. हे आईने आजीकडून ऐकलेलं. खरं किती, आजीला नि अम्मालाच ठाऊक.

कोवलनला आजीने कधीच माफ केलं नाही. ‘‘तो परत इलो नि तिना लगेच पैंजण दिल्यान? आधी इचारूक व्हया होता, इतके दिस खंय होतंस!’’ अम्मा मान हलवून हसायची. पुढे आम्हा नातवंडांना आजीनेच ही गोष्ट मालवणीत सांगितली. तिची कण्णगी पैंजण देण्याआधी कोवलनला उंबऱ्याबाहेर बसवून सगळा जाब विचारायची, आणि मगच त्याला पेज वाढायची.