पाच सुरांचा मालक कोण?

गेल्या ईदनंतर आमच्या खानदानाच्या व्हॉट्सअॅप ग्रुपवर एक संदेश फिरत आला. 'अमेरिकेचं ब्लूज संगीत अजानमधून जन्मलं' असा त्याचा मथळा होता. खाली 'माशाअल्लाह'ची रांग लागली. ज्या पुतण्याने तो टाकला होता, त्यानेच रात्री मला वेगळा मेसेज केला, "चाचा, तुम्ही हल्ली गिटार शिकताय ना? हे खरं आहे का?"

शिकतोय खरा. चाळिशी ओलांडल्यावर हा नाद लागला. शिकवणारा मुलगा माझ्या निम्म्या वयाचा आहे. पहिल्याच महिन्यात त्याने 'मायनर पेंटाटोनिक'चा पहिला बॉक्स हातात दिला. पाचव्या पडद्यावर तर्जनी ठेवायची. सर्वांत जाड तारेवर पाचवा आणि आठवा पडदा, पुढच्या तीन तारांवर पाचवा आणि सातवा, शेवटच्या दोन तारांवर पुन्हा पाचवा आणि आठवा. एकूण बारा जागा, पण सूर पाचच. मेट्रोनोम साठवर लावायचा आणि चढायचं, उतरायचं. करंगळी आठव्या पडद्यापर्यंत पोचता पोचता रडकुंडीला येते. "काका, वेग वाढवू नका, आवाज स्वच्छ येऊ द्या," हे तो दर आठवड्याला सांगतो.

अब्बांना हे पसंत नाही. ते रागावत नाहीत. मी वाजवायला बसलो की ते उठून दुसऱ्या खोलीत जातात आणि तसबीह घेऊन बसतात. आमचं घराणं मूळ मिरजेचं. मिरजेत ख्वाजा मीरासाहेबांच्या दर्ग्यात उस्ताद अब्दुल करीम खाँ दफन आहेत. 1937 साली दक्षिणेत प्रवासात असताना त्यांचं निधन झालं आणि मय्यत मिरजेला आणली गेली. दर्ग्याच्या आवारात त्यांच्या नावाने दरवर्षी गाणं होतं. याच गावात शिकलगारांच्या घराण्यांनी एकोणिसाव्या शतकात हत्यारांना धार लावण्याचं काम मागे टाकून सतारी आणि तंबोरे घडवायला घेतले. लहानपणी त्या उरुसात अब्बाच मला खांद्यावर बसवून घेऊन जात. पुढे कधीतरी त्यांचं मत बदललं. ते का बदललं, हे मी आजवर विचारलेलं नाही.

मिरजेचे माझे एक मामू वाद्यांच्या कामातले. सुट्टीत गेलो तेव्हा त्यांना तो बॉक्स वाजवून दाखवला. दुसऱ्यांदा चढलो तेव्हा ते हसले. "अरे, हा तर धानी आहे." सा, कोमल ग, म, प, कोमल नि. मग त्यांनी मला गंमत दाखवली. हेच पाच सूर ठेवायचे, फक्त सा बदलायचा. कोमल गंधाराला सा मानलं की भूप होतो. मध्यमाला सा मानलं तर मधमाद सारंग, पंचमाला मानलं तर मालकंस, कोमल निषादाला मानलं तर दुर्गा. जुन्या शास्त्रात याला मूर्च्छना म्हणतात. घरी आल्यावर कळलं की गिटारवाल्यांचे पाच बॉक्स म्हणजे नेमकी हीच वाट आहे. प्रत्येक बॉक्स पुढच्या सुरावरून सुरू होतो. अर्थात, राग म्हणजे नुसते सूर नव्हेत. भूप आणि देशकार यांचे सूर एकच आहेत, पण राग दोन. धानीतही काही गवई उतरताना रिषभाला स्पर्श करतात. तरी पाच सुरांचा सांगाडा तोच.

पुतण्याला उत्तर देण्याआधी ही गोष्ट लक्षात ठेवणं गरजेचं होतं. पाच सुरांच्या मांडणीवरून कुणाचंही बापपण सिद्ध होत नाही. चीनमध्ये पाच सूर आहेत, स्कॉटलंडच्या लोकगीतांत आहेत, आपल्याकडे आहेत. तेव्हा 'ब्लूजमध्ये पाच सूर आहेत आणि माली देशातही आहेत, म्हणून ब्लूज आमचं' हा युक्तिवाद पहिल्याच पायरीवर कोसळतो.

मग त्या संदेशात काहीच खरं नाही का? तसंही नाही.

अमेरिकेत पकडून नेलेल्या आफ्रिकी माणसांत मुसलमान होते, याबद्दल वाद नाही. उमर इब्न सईद हा आजच्या सेनेगलमधल्या फुता तोरोचा शिकलेला माणूस. 1807 साली त्याला चार्ल्स्टनच्या बंदरात विकलं गेलं. 1831 मध्ये नॉर्थ कॅरोलायनात गुलाम असतानाच त्याने अरबीत आपली जीवनकथा लिहिली. ती हस्तलिखित वही आज अमेरिकेच्या लायब्ररी ऑफ काँग्रेसमध्ये आहे. तिची सुरुवात सूरह मुल्कने होते. सारी सत्ता, सारी मालकी अल्लाहची, हा त्या सूरहचा आरंभ. दुसऱ्या माणसाची मालमत्ता म्हणून जगणाऱ्याने आपली गोष्ट सांगण्याआधी हीच सूरह का निवडली असेल, हे समजावून सांगायची गरज नाही. 1864 मध्ये तो गुलाम म्हणूनच वारला. गुलामी संपायला एक वर्ष उरलं होतं. फुता जालोनचा अब्दुल रहमान मिसिसिपीतल्या नॅचेझमध्ये कापसाच्या मळ्यावर चाळीसेक वर्षं राबला आणि 1828 मध्ये सुटला. जॉर्जियाच्या सापेलो बेटावरच्या बिलालीची अरबी वहीही शिल्लक आहे.

आता संगीताकडे येऊ. 1739 मध्ये साउथ कॅरोलायनात स्टोनो नदीजवळ गुलामांनी बंड केलं. ते ढोल वाजवत निघाले होते. पुढच्याच वर्षी तिथे कायदा झाला आणि ढोल, शिंगं अशी मोठ्या आवाजाची वाद्यं गुलामांना मना झाली. तंतुवाद्यं त्यात नव्हती. सहारा वाळवंटाच्या दक्षिणेकडच्या पट्ट्यात, म्हणजे सेनेगल, गांबिया, माली या भागात, भोपळ्याच्या किंवा लाकडी खोक्यावर कातडं ताणून केलेली तंतुवाद्यं पिढ्यान् पिढ्या वाजत होती. न्गोनी, खलाम, अकोंटिंग ही त्यांची नावं. अमेरिकेतला बँजो याच कुळातला. सुरुवातीच्या बँजोला पडदे नव्हते. बोट हवं तिथे सरकत असे.

गेरहार्ट कुबिक या ऑस्ट्रियन अभ्यासकाने 1999 मध्ये 'आफ्रिका अँड द ब्लूज' हे पुस्तक लिहिलं. त्याचा मुद्दा सुरांच्या संख्येचा नाही, गाण्याच्या पद्धतीचा आहे. एकटा गाणारा, सोबत एक तंतुवाद्य, लांबवलेला आणि लहरत जाणारा आवाज, एका अक्षरावर अनेक सूर. ही घडण किनाऱ्यावरच्या ढोलांच्या समूहसंगीतापेक्षा या कोरड्या पट्ट्यातल्या गायकीला जवळची आहे. या पट्ट्यावर शतकानुशतकं अरबी आणि इस्लामी संस्कृतीचा प्रभाव होता. त्याआधी 1998 मध्ये 'सर्व्हंट्स ऑफ अल्लाह' लिहिणाऱ्या सिल्व्हियान दियूफ यांनी अजान आणि 'लेव्ही कँप हॉलर' ही मजुराची आरोळी एकापाठोपाठ एक ऐकवून श्रोत्यांना साम्य दाखवलं. अॅलन लोमॅक्स यांनी 1947-48 मध्ये मिसिसिपीच्या पार्चमन तुरुंगात कैद्यांची अशी गाणी ध्वनिमुद्रित केली. मीही दोन्ही ऐकलं. अंगावर काटा आला, हे कबूल करतो.

पण काटा येणं म्हणजे पुरावा नव्हे. अमेरिकेने बाहेरून गुलाम आणण्यावर 1808 पासून बंदी घातली. डब्ल्यू. सी. हँडी यांनी टटवायलर स्टेशनावर गिटारच्या तारांवर सुरी घासत गाणारा माणूस ऐकला तो 1903 च्या आसपास. त्यांचं 'मेम्फिस ब्लूज' छापलं गेलं 1912 मध्ये. म्हणजे मध्ये शंभर वर्षांचं अंतर आहे आणि त्या काळातला आवाज कुठेही साठवलेला नाही. या शंभर वर्षांत चर्चची भजनं आली, स्कॉटिश आणि आयरिश गाणी मिसळली, टपालाने मागवता येणारी स्वस्त गिटार आली. ब्लूज ज्यांनी घडवलं ते काळे अमेरिकी बहुतेक ख्रिस्ती घरांत वाढलेले होते. 'अजानमधून जन्मलं' असं म्हणताना आपण त्यांच्या हातातली निर्मिती काढून घेतो. ज्यांच्याकडून सगळंच हिसकावलं गेलं, त्यांच्याकडून आणखी एक गोष्ट.

त्या संगीताचं मर्म पाच सुरांच्या पडद्यांवर नाही, पडद्यांच्या मधल्या जागेत आहे. त्यांचा गंधार ना पुरता कोमल, ना पुरता शुद्ध. गिटारचे पडदे युरोपी मापाने ठोकलेले. त्या मापात न बसणारा सूर काढण्यासाठी तार ओढावी लागते. माझा गुरू त्याला 'बेंड' म्हणतो, मामू मींड म्हणाले असते. तिसऱ्या तारेवर सातव्या पडद्याला अनामिका रोवून तार वर ढकलताना माझ्या बोटाचं कातडं सोलवटलं, तेव्हा ही गोष्ट पुस्तकापेक्षा जास्त कळली. 'बॉक्स' हे नाव शिकवणाऱ्यांनी नंतर दिलं. जुने वादक एकमेकांच्या हातांकडे बघून शिकले.

आणखी एक गोष्ट त्या संदेशात नव्हती. अय्यूब सुलेमान दियालो हा बुंडूच्या आलिमाचा मुलगा. 1731 मध्ये तो पकडला जाऊन मेरीलँडला तंबाखूच्या मळ्यावर विकला गेला. त्याच्या अरबी पत्रामुळे इंग्लंडमध्ये त्याची चर्चा झाली, तो सुटला आणि 1734 मध्ये घरी परतला. ही कहाणी आपल्याकडे अभिमानाने सांगितली जाते. पण तो गांबिया नदीवर मुळात गेला होता तो दोन माणसं विकायला. ती विकून परतताना तो स्वतः पकडला गेला आणि त्याच इंग्रज कप्तानाच्या जहाजावर चढवला गेला. हे आपण गाळतो. मलिक अंबरच्या बाबतीतही आपण हेच करतो. खडकी शहर, पाण्याचे नहर, गनिमी कावा, सगळं सांगतो. हबशी मुलगा बाजारात अनेकदा विकला जात दख्खनला पोचला, आणि त्या बाजारांत विकणारे-घेणारे कोण होते, तिथे आपला आवाज खाली येतो.

आणि संगीताचा वारसा सांगणाऱ्यांनी आजचंही बघावं. मालीतल्या नियाफुंकेचे अली फार्का तुरे हे नमाजी मुसलमान. गिटार घेऊन जगभर फिरले, 1994 च्या 'टॉकिंग टिंबक्टू'साठी ग्रॅमी मिळवलं, 2004 मध्ये गावाचे महापौर झाले. ब्लूजचं मूळ आपल्या मातीत आहे, असं ते ठामपणे मानत. 2006 मध्ये ते वारले. सहाच वर्षांनी, 2012 मध्ये, उत्तर माली ताब्यात घेतलेल्या हत्यारबंद गटांनी इस्लामच्या नावाने तिथे संगीत बंद केलं आणि वाद्यं जाळली. तिकडे मिसिसिपीत चर्चवाले ब्लूजला सैतानाचं संगीत म्हणत. सन हाऊस हा मोठा ब्लूज गायक आधी धर्मोपदेशक होता आणि आयुष्यभर या दोन टोकांत ओढला गेला. हराम-हलालचा झगडा आपल्या एकट्याच्या घरातला नाही.

हे सगळं थोडक्यात लिहून मी ग्रुपवर टाकलं. 'माशाअल्लाह' आलं नाही. एका बुजुर्गांनी विचारलं, "एक चांगली गोष्ट पोरांना कळत होती. त्यात मुसलमानांनी माणसं विकली, हे लिहायची काय गरज होती?"

मी उत्तर दिलं, ते इथेही लिहितो. या देशात रोज कुणीतरी आमच्या इतिहासातलं सोयीचं तेवढं उचलून आमच्यावर फेकतं. त्याला आपण खोटारडेपणा म्हणतो. मग आपणही सोयीचं तेवढंच उचललं तर तक्रार कुठल्या तोंडाने करायची? उमर इब्न सईदचं नाव घ्यायचं असेल तर अय्यूबने विकलेल्या त्या दोघांचीही आठवण ठेवावी लागेल. त्यांची नावं कुणी लिहून ठेवली नाहीत.

बुजुर्गांनी पुढे काही लिहिलं नाही. पुतण्याने मात्र विचारलं, "चाचा, तो पहिला बॉक्स मला दाखवाल?" रविवारी तो आला. त्याच्या करंगळीचेही तेच हाल झाले. अब्बा नेहमीप्रमाणे उठून आत गेले. या वेळी दार तेवढं उघडं राहिलं. ते विसरले की मुद्दाम ठेवलं, हे मी विचारलं नाही. मेट्रोनोम साठवरच ठेवला आहे.