फोटोतले काळे लुगडे

पणजीचा जुना फोटो दाखवून विणकराकडून तशीच काळी नऊवारी करून घ्यायची, ही हौस गोड आहे. पण त्या काळ्या रंगावर विश्वास ठेवू नये. मुंबईत फोटोग्राफिक सोसायटी 1854 मध्ये निघाली आणि मुंबईतले नामवंत डॉक्टर भाऊ दाजी लाड यांचे बंधू डॉ. नारायण दाजी तिचे सभासद होते, इतकी ही कला आपल्याकडे जुनी. मात्र त्या काळच्या फोटोच्या काचांना तांबडा रंग जवळजवळ दिसतच नसे. निळे वस्त्र पांढुरके उमटे, तांबडे काळे पडे, आणि हा दोष विसाव्या शतकातही बरीच वर्षे राहिला. त्यामुळे संक्रांतीची हौसेची काळी चंद्रकळा आणि केशवपन केलेल्या विधवेचे तांबडे आलवण, दोन्ही कागदावर सारखीच काळी. कपाळावरचे कुंकूसुद्धा काळेच.

मग पेटीतले खरे वस्त्र पाहावे, तर तिथेही निवड झालेलीच असते. पैठणी, शालू जपले गेले (तेही जर जाळून चांदी काढणाऱ्यांच्या हाती लागले नाहीत तर). रोजचे लुगडे विरले की बोहारणीकडे जाई, नाहीतर गोधडीत. म्हणूनच घरातली जुनी गोधडी मला फोटोइतकीच मोलाची वाटते. आतल्या थरांना ऊन लागलेले नसते, तिथे कामाच्या वेळी आणि चुलीपुढे नेसलेल्या लुगड्यांचे रंग अजून सापडतात. फोटोसाठी कोणी ती नेसत नव्हते.

यावर म्हणता येईल की, अंगावरून उतरलेले लुगडे म्हणजे नुसता लांबच लांब पट्टा. काष्टा कसा घातला, पदर कोणत्या खांद्यावर घेतला, पोलक्याच्या बाह्या किती फुगीर, हे फोटोच सांगतो. खरेच आहे. नेसण आणि बेतणीसाठी फोटोला पर्याय नाही. दुसरा आक्षेप असा की, नवे कापड काढणाऱ्याने इतिहासाचा जाच का सोसावा? सोसू नये, त्याने हवा तो रंग घ्यावा. फक्त त्यावर ‘पारंपरिक’ अशी चिठ्ठी लावताना थोडा विचार करावा. शिवाय जुन्या कापडाकडे नीट पाहण्यात त्याचाच फायदा आहे. इरकलीचा टोपपदर फोटोत गडद दिसतो, त्यावर चार पांढऱ्या रेघा, एवढेच. कापड हाती घेतले की तांबडे रेशीम दिसते, आणि पदराचा ताणा अंगाच्या ताण्याला फासे घालून जोडल्याचेही कळते.