संकासुराचा वध आणि पोलिसाचा तपास

जीव घेण्याच्या कृतीला मराठीत वध, बळी, हत्या आणि खून असे निदान चार शब्द आहेत, आणि प्रत्येक शब्द मारणाऱ्याविषयी वेगळे काही सांगतो. वध करणाऱ्याला तो करण्याचा अधिकार असतो, मग तो देवाने दिलेला असो वा राजाने. बळी देताना तो स्वीकारणारा कोणीतरी समोर मानावा लागतो. हत्येने पाप लागते, म्हणून त्या शब्दाआधी ब्रह्म, गो, स्त्री, भ्रूण असे मेलेल्याचे नाव जोडले जाते. खून हा फारसीतून आलेला, मुळात केवळ 'रक्त' एवढाच अर्थ असलेला शब्द मात्र कायद्याच्या कागदावर स्थिरावला, आणि त्याचे वैशिष्ट्य असे की मारणारा कोण हे तिथे आधी ठाऊक नसते, ते शोधून काढावे लागते. सिंधुदुर्ग जिल्ह्यात हे चारही शब्द एकमेकांच्या फार जवळ नांदले आहेत, आणि ती जवळीक जिथे सर्वांत स्पष्ट दिसते ती जागा म्हणजे जत्रेच्या रात्री देवळाच्या मांडावर, म्हणजे खेळाच्या ठरलेल्या जागी, होणारा दशावतार हा नाट्यखेळ.

१२ सप्टेंबर २०२५ रोजी प्रदर्शित झालेल्या, सुबोध खानोलकर दिग्दर्शित 'दशावतार' या चित्रपटाने हीच जागा गुन्हेपटासाठी निवडली. बाबुली मेस्त्री हा वयोवृद्ध दशावतारी नट (दिलीप प्रभावळकर) मुलाच्या मृत्यूनंतर दशावतारातली रूपे धारण करून अपराध्यांचा संहार करतो आणि पोलीस अधिकारी (महेश मांजरेकर) त्या मृत्यूंचा माग काढतो, असे त्याचे कथानक आहे. विधीसारखे खून करणारा मारेकरी आणि त्याच्या मागावरचा पोलीस ही जोडी जगभरच्या गुन्हेपटांत रुळलेली आहे. सात पापांच्या क्रमाने होणाऱ्या खुनांवरचा 'सेव्हन' (१९९५) हा अमेरिकी चित्रपट तिचे परिचित उदाहरण. त्या जातीच्या कथांत शोकाचे ओझे बहुधा तपास करणाऱ्याच्या खांद्यावर असते, तर इथे ते मारणाऱ्याच्या खांद्यावर आहे, आणि त्यामुळे प्रेक्षकाची सहानुभूती मारेकऱ्याच्या बाजूला जाते. ही उलटापालट पटकथेच्या चातुर्याने झाली असे म्हणणे अपुरे आहे. ज्या प्रथेवर चित्रपट उभा आहे तिच्या इतिहासातच या उलटापालटीचे कारण सापडते.

दशावतार कोकणात कसा आला याविषयीची रूढ हकीकत अशी की, राजापूर भागातील आडिवरे येथील श्यामजी नाईक काळे यांनी १७२८ मध्ये कर्नाटकातून हा खेळ आणला. तारीख नेमकी असल्यामुळे ती पुस्तकांतून पुन्हा पुन्हा छापली गेली. परंतु तिला खेळाचा आरंभ मानता येत नाही, कारण १६८२ मध्ये निवर्तलेल्या समर्थ रामदासांच्या दासबोधातच दशावतारी खेळाचा उल्लेख येतो आणि त्यात सुंदर स्त्रिया म्हणून वावरणारी पात्रे वस्तुतः पुरुष असतात, हेही रामदास नोंदवतात. काळे यांनी फार तर एखादी विशिष्ट पद्धत दक्षिण कोकणात रुजवली असावी. कुडाळ तालुक्यातील कवठी आणि वालावल या गावांशी जोडलेल्या गोरे घराण्याच्या परंपरेकडेही काही जण उगमाचा मान देतात, आणि कर्नाटकाच्या किनाऱ्यावरील यक्षगान या गीतनृत्यप्रधान नाट्याशी असलेले साम्य तर नाकारता येण्याजोगे नाही. १८४३ मध्ये विष्णुदास भावे यांनी सांगलीत 'सीतास्वयंवर' सादर केले, तेही कर्नाटकातून आलेल्या भागवत मंडळींचे खेळ पाहिल्यानंतर. भाव्यांच्या नाटकांतील सूत्रधार, विदूषक, गणपती, सरस्वती हा क्रम दशावताराच्या पूर्वरंगाशी इतका जुळतो की दोघांचे कूळ एकच असल्याचे मानावे लागते.

या पूर्वरंगाला 'आडदशावतार' म्हणतात. पालखीची प्रदक्षिणा आटोपून मध्यरात्रीच्या सुमारास तो सुरू होतो. नाईक किंवा हरदास, म्हणजे गायन करणारा आणि खेळ हाकणारा प्रमुख, पायपेटी, मृदंग आणि झांज यांच्या साथीने गणपतीला आवाहन करतो. रिद्धिसिद्धींसह गणपती येतो, भटजी त्याची पूजा करता करता लोकांना हसवतो, शारदा नाचते, आणि मग ब्रह्मदेवाचे वेद चोरणारा संकासुर प्रकट होतो. पुराणांतील शंखासुराचे हे मालवणी रूप आहे: अंगभर काळा वेष, तोंडावर काळा मुखवटा, त्यातून लोंबणारी लाल जीभ. देव शुद्ध, काहीशी संस्कृताळलेली मराठी बोलतात. संकासुर मात्र अस्सल मालवणीत प्रेक्षकांशी थेट बोलतो, गावातल्या भानगडी काढतो, मानकऱ्यांची फिरकी घेतो. अखेरीस विष्णू येऊन त्याचा वध करतो. नाव दशावतार असूनही मांडावर दहा अवतार क्रमाने येत नाहीत. विधी म्हणून अटळ मानला जातो तो हा एकच वध. त्यानंतर पहाटेपर्यंत चालते ते आख्यान, म्हणजे पुराणातली एखादी कथा, जिची संहिता लिहिलेली नसते आणि संवाद नट जागच्या जागी रचतात. आख्यान रोज बदलते. संकासुराचे मरण बदलत नाही.

मारल्या जाणाऱ्या पात्राला गावाने सर्वांत जास्त जवळ केलेले असावे, ही गोष्ट सहज सोडून देण्यासारखी नाही. उत्तरेकडे रत्नागिरी जिल्ह्यातल्या शिमग्यात आणि नमन-खेळ्यांतही संकासुर येतो, आणि तिथे तर लोक त्याच्या पाया पडतात, त्याला नवस बोलतात. म्हणजे रंगमंचावर ज्याचा संहार व्हायचा तो असुर आणि ज्याच्याकडे मागणे मागायचे ते दैवत हे इथे एकाच वेषात आहेत. वधाला गावाची मान्यता आहे, पण मरणाऱ्याविषयी द्वेष नाही. शोक करणाऱ्या मारेकऱ्याच्या बाजूने प्रेक्षक का उभा राहतो, याचे उत्तर शोधताना हा गुंता विसरून चालणार नाही.

शास्त्राच्या दृष्टीने पाहिले तर मांडावर वध दाखवणे हाच एक अतिक्रम आहे. भरताच्या नाट्यशास्त्राने युद्ध, मरण, राज्यनाश आणि नगराचा वेढा या गोष्टी अंकात प्रत्यक्ष दाखवू नयेत, त्या प्रवेशकातून, म्हणजे अंकांमधल्या सूचक प्रवेशातून, सुचवाव्यात असे सांगितले आहे. भासाच्या 'ऊरुभंगा'सारखे अपवाद वगळता संस्कृत नाटककारांनी हा दंडक पाळला. गंमत अशी की त्याच ग्रंथातल्या कथेनुसार पहिला नाट्यप्रयोग असुरांच्या पराभवाचाच होता, तो पाहून चिडलेल्या असुरांनी विघ्ने आणली आणि इंद्राने ध्वजाच्या दांड्याने त्यांना झोडपले. लोकनाट्याने शास्त्र बाजूला ठेवून ही कथा धरली. दशावतारातील युद्ध मृदंगाच्या ठेक्यावर तलवारी खेळवत, गिरक्या घेत होते; रक्ताचा आभासही निर्माण केला जात नाही, आणि नेपथ्य म्हणून असलेल्या एकमेव बाकड्याला वळसा घालून मेलेला राक्षस पडद्याआड जातो, तरी कोणाला ते खटकत नाही. तमिळनाडूतील मेलट्टूर येथे भागवतमेळा या नृत्यनाट्यात नरसिंहाचा मुखवटा देवळात पूजेत असतो, तो धारण करणारा नट उपवास करतो आणि हिरण्यकशिपूवर झेपावताना त्याला माणसांनी आवरून धरावे लागते. वेष चढला की माणूस संपतो आणि देव सुरू होतो, ही धारणा कोकणातही आहे. चित्रपटातला बाबुली तीच टोकाला नेतो.

आता दुसरी बाजू, तपासाची. दशावतारात गुप्त पोलीस नाही, कारण त्याला कामच नाही: वेद कोणी चोरले हे पहिल्या क्षणापासून सर्वांना माहीत असते. परंतु ज्या गावात हा खेळ होतो त्या गावाला अज्ञात अपराध्याचा प्रश्न पडत नव्हता असे नाही, आणि त्याची सोय मांडावर न होता देवळाच्या गाभाऱ्यात होती. दक्षिण कोकणातील गावाचा कारभार गावरहाटी नावाच्या व्यवस्थेने चाले, जिच्यात सातेरी, रवळनाथ, पूर्वस, राखणदार अशी दैवते आणि त्यांची सेवा करणारी मानकरी घराणी यांची कामे वाटून दिलेली असत. दैवताला प्रश्न विचारण्याची रीत म्हणजे कौल: मूर्तीला ओल्या कळ्या, पाने किंवा तांदूळ लावायचे, गाऱ्हाणे घालायचे, आणि उजवे पडते की डावे यावरून होकार-नकार वाचायचा. गाऱ्हाणे म्हणजे देवापुढे मोठ्याने, ठरलेल्या लयीत मांडलेली विनवणी, जिच्या प्रत्येक खंडाला जमलेले लोक 'व्हय म्हाराजा' म्हणून साथ देतात. जत्रेत किंवा दसऱ्याला तरंग, म्हणजे वस्त्रांनी सजवलेले देवकाठ, बाहेर निघाले की ते धरणाऱ्याच्या अंगात अवसार येतो आणि दैवत माणसाच्या तोंडून बोलते. आजार, तंटा, चोरी, बेपत्ता गुरे, सगळे तिथे मांडले जाई. मालवण तालुक्यातील मसुरे गावच्या आंगणेवाडीत भराडी देवीच्या जत्रेला ठरीव तिथी नाही. परंपरेने देवीचा कौल आणि रानडुकराची पारध झाल्यानंतरच तारीख ठरते. जीव घेण्याला आधी वरून संमती लागते, ही कल्पना तिथे शब्दशः आचरली जाते.

कौलाने भागले नाही तर मराठेशाहीत दिव्य करण्याची वाट होती. रवा दिव्यात उकळत्या तेलातुपातून धातूचा तुकडा हाताने काढायचा, मग हाताला पिशवी बांधून मोहर करायची आणि ठरलेल्या दिवशी गोतसभेपुढे, म्हणजे गावच्या न्यायसभेपुढे, ती सोडायची. हात भाजलेला दिसला तर पक्ष खोटा. आजच्या वाचकाला ते क्रूर वाटेल आणि ते क्रूर होतेच, मात्र त्यातही प्रश्न, पुरावा, साक्षीदार आणि निर्णय ही चौकट होती, आणि महजर नावाच्या निकालपत्रात ती लिहून ठेवली जाई. फरक इतकाच की साक्ष देवाने द्यायची होती. मालवण १८१२ मध्ये कोल्हापूरकरांकडून इंग्रजांकडे गेले, १८६२ पासून भारतीय दंड संहिता अंमलात आली, आणि साक्ष देण्याचे काम देवाकडून पंचनामा, शवविच्छेदन व जबानी यांच्याकडे आले. शेजारची सावंतवाडी १९४८ पर्यंत संस्थानच होती, त्यामुळे काही कोसांच्या अंतरावर दोन राज्यव्यवस्था दीर्घकाळ सोबत राहिल्या. देवळातला कौल मात्र दोन्हीकडे तसाच चालू राहिला.

विधी आणि खून यांची खरी, भीषण गाठ महाराष्ट्राने कोकणात पाहिली नाही, मराठवाड्यात पाहिली. १९७२ ते १९७४ या काळात परभणी जिल्ह्यातील मानवत येथे स्त्रिया आणि लहान मुली एकामागून एक मारल्या गेल्या. गुप्तधन आणि अपत्यप्राप्ती यांसाठी दिलेले हे बळी असल्याचे तपासात पुढे आले. रमण राघव या मालिकाखुन्याच्या प्रकरणामुळे आधीच ख्यातनाम झालेले मुंबई गुन्हे शाखेचे रमाकांत कुलकर्णी यांनी हा तपास केला. त्यावरून विजय तेंडुलकरांनी लिहिलेला आणि अमोल पालेकरांनी दिग्दर्शित केलेला 'आक्रीत' १९८१ मध्ये आला, आणि २०२४ मध्ये 'मानवत मर्डर्स' ही मालिका. नरबळीविरोधी कायदा राज्यात झाला तो २०१३ मध्ये, अंधश्रद्धा निर्मूलनाचे कार्यकर्ते नरेंद्र दाभोलकर यांची २० ऑगस्ट रोजी पुण्यात हत्या झाल्यानंतर. 'आक्रीत' आणि 'दशावतार' यांची तुलना केली तर दिसते की पहिल्यात विधी हा लोभाचा मुखवटा आहे आणि पोलीस तो ओरबाडून काढतो. दुसऱ्यात विधी हीच न्यायाची जुनी भाषा आहे आणि लोभ चित्रपटातल्या अपराध्यांच्या, म्हणजे खाणमालकांच्या, बाजूला आहे. वेंगुर्ले तालुक्यातील रेडीचे लोहखनिज आणि दोडामार्ग तालुक्यातील कळणे येथील खाणीविरुद्धचे आंदोलन ज्यांना माहीत आहे त्या प्रेक्षकांना हा असुर ओळखायला वेळ लागत नाही. मात्र इथेच चित्रपट प्रथेपासून दूरही जातो. मांडावरचा वध सबंध गावासमोर, गावाच्या संमतीने, ठरलेल्या रात्री होतो. बाबुलीचा वध एकट्याने, लपून होतो, आणि जो लपून होतो त्याला जुन्या भाषेतही वध म्हणणे अवघड आहे. पोलीस येतो तो या फटीतून.

प्रथा स्वतः या वादापासून दूर, आपल्या चालीने सुरू आहे. मोचेमाडकर, पार्सेकर, आरोलकर, वालावलकर, चेंदवणकर, खानोलकर अशा जुन्या कंपन्यांना विशिष्ट गावांच्या जत्रा परंपरेने ठरलेल्या असतात आणि कार्तिकापासून त्यांची रात्रीमागून रात्र भरलेली असते. पहाटे आख्यान संपले की दहीहंडी फुटते, दहीकाल्याचा प्रसाद वाटला जातो, नट तोंडावरचा रंग पुसतात आणि पेटारा, म्हणजे गणपतीचा लाकडी मुखवटा व वेषभूषा ठेवलेली पूजनीय पेटी, पुढच्या गावाला निघते. पूर्वी ती डोक्यावरून नेत, म्हणून 'रात्री राजा, सकाळी डोक्यार बोजा' ही म्हण या नटांविषयी पडली. पेटाऱ्यात काळा वेष घडी घालून ठेवलेला असतो, आणि त्याच दिवशी मध्यरात्री, दुसऱ्या देवळापुढे, संकासुर पुन्हा वेद चोरून नेतो.