इटलीचं बेणं, दापोडीची बाग आणि नवा बटाटा

गणपती गेले की आमच्या पुनावळ्याच्या भाजीबाजारात नवा बटाटा दिसायला लागतो. अंगाला माती चिकटलेली, आणि साल इतकी पातळ की ओल्या अंगठ्याने चोळली तरी निघून येते. हा आंबेगाव तालुक्यातल्या सातगाव पठारावरचा पावसाळी बटाटा. जून-जुलैत लावायचा, पावसावर वाढवायचा, सप्टेंबर-ऑक्टोबरमध्ये काढायचा. आमच्या गटातल्या काही जणींची माहेरं मंचर, पेठ, खेड भागातली. त्यांना हा बटाटा पाटीत पाहिला की माहेरचं माणूस भेटल्यासारखं होतं. पण हे माहेरचं माणूस आपल्या मुलखात आलं कधी, आणि त्याचं बेणं कुठकुठून आलं, हे आपल्याला कुणी सांगत नाही. आज ते सांगणार आहोत, आणि शेवटी नव्या बटाट्याची एक साधी भाजीही. ती भाजी आहे क्रोएशिया नावाच्या देशातली. फुटबॉल बघणाऱ्या पोरांना विचारा, ती लगेच सांगतील. 2018 सालचा विश्वचषकाचा अंतिम सामना हाच देश खेळला होता.

आधी नावाचं बघू. उत्तरेत आलू म्हणतात. मराठी, कोकणी आणि गुजरातीत बटाटा. हा शब्द पोर्तुगिजांबरोबर पश्चिम किनाऱ्यावर उतरला. तो मूळचा अमेरिकेजवळच्या बेटांवरचा आणि तिथे त्याचा अर्थ होता रताळं. खरा बटाटा दक्षिण अमेरिकेतल्या अँडीज डोंगरांतला. तिथले लोक तो हजारो वर्षं पिकवत होते. सोळाव्या शतकात स्पॅनिश लोकांनी तो युरोपात नेला आणि रताळ्याचं नाव त्याला चिकटलं. त्यामुळे एक घोळ झाला. सतराव्या शतकात हिंदुस्थानात आलेल्या एक-दोन इंग्रजांनी इथे बटाटा पाहिल्याचं लिहून ठेवलंय, पण त्यांनी पाहिलं ते बटाटा की रताळं, यावर जाणकार अजून भांडतात. आम्हाला विचाराल तर ते रताळंच असावं.

आपल्या भागात बटाट्याचं बस्तान बसलं ते इंग्रजी अमलात. आपली पवना जिथे मुळेला मिळते त्या दापोडीत पेशव्यांच्या पलटणीचा अधिकारी कॅप्टन फोर्ड याचा बंगला होता. 1828 साली मुंबईचा गव्हर्नर जॉन मॅल्कम याने तो सरकारसाठी घेतला आणि तिथे सरकारी बाग सुरू झाली. परदेशातली झाडं, भाज्या, फळं इथल्या मातीत रुजतात का, हे बघायचं हे ठिकाण. 1838 पासून डॉक्टर अलेक्झांडर गिब्सन या बागेचा मुख्य होता. त्याने 1847 ते 1850 या काळात बागेतल्या आणि आसपासच्या झाडांची सुंदर रंगीत चित्रं काढून घेतली. ती आज स्कॉटलंडमधल्या एडिंबरोच्या वनस्पती उद्यानात जपून ठेवली आहेत. चित्रं काढणाऱ्याचं नाव मात्र त्यांवर नाही. बागेत खुरपणाऱ्या बायांची नावं तर कोण लिहिणार!

त्याच मॅल्कमने महाबळेश्वराला थंड हवेचं ठाणं वसवलं. तिथल्या तुरुंगात समुद्रापारहून आणलेले चिनी कैदी होते. साहेबांच्या जेवणासाठी त्यांच्याकडून भाजीपाला पिकवून घेत, त्यात बटाटाही होता. म्हणजे घरापासून हजारो मैल तोडलेल्या कैद्यांच्या हातून हे पीक आपल्या डोंगरावर मुरलं.

डोंगरावरून आणि बागांतून बटाटा शेतात उतरला तो खेड आणि जुन्नर भागात. इथली हलकी, पाण्याचा निचरा होणारी तांबूस जमीन आणि गार हवा त्याला मानवली. 1863 साली बोरघाटातून रेल्वे सुरू झाली आणि मुंबईची बाजारपेठ एका रात्रीच्या अंतरावर आली. 1885 साली पुणे जिल्ह्याचं सरकारी गॅझेटियर छापलं गेलं, तोवर बटाटा हे जिल्ह्याचं नाव घेण्याजोगं पीक झालं होतं.

आता बेण्याची गोष्ट. ही जरा सविस्तर सांगतो, कारण बटाट्यात खरा खर्च तिथेच असतो. एका एकराला सहा ते आठ क्विंटल बेणं लागतं. ज्वारी-बाजरीसारखं मूठभर बी गाडग्यात राखून भागत नाही. शिवाय उन्हाळ्यात ते टिकवायचं कसं? त्यासाठी आपल्याकडे आरण लावत. सावलीच्या जागी बटाट्यांचा ढीग घालायचा, त्यावर पाला-पाचोळ्याचा जाड थर द्यायचा आणि अधूनमधून उघडून सडका माल काढून टाकायचा. सडका बटाटा वासावरून ओळखणं, मोड आलेला आणि न आलेला वेगळा करणं, डोळा बघून बेण्याच्या फोडी करणं ही कामं बहुतेक घरांत बायांचीच. तरीही बेणं कमी पडायचं आणि वर्षागणिक उतरायचं. म्हणून विसाव्या शतकाच्या सुरुवातीला पुणे जिल्ह्यासाठी बेण्याचे बटाटे थेट इटलीहून बोटीने मुंबईला येत.

त्या बेण्याबरोबर एक पाहुणीही आली. बटाटा पोखरणाऱ्या अळीचा पतंग आपल्या देशात इटलीच्या बेण्यातूनच शिरला, 1906 च्या सुमारास, मुंबईमार्गे. हा पतंग उघड्या बटाट्याच्या डोळ्यात अंडी घालतो आणि अळी आतून बोगदा करत जाते. आरणीवर पाल्याचा थर नीट असेल तर पतंगाला बटाट्यापर्यंत पोचता येत नाही. पुढे शास्त्रज्ञांनीही तपासून सांगितलं की घाणेरीचा वाळलेला पाला वर पसरला तर ही कीड बरीच कमी होते.

दुसरं दुखणं त्याआधीचं. बटाटा आडवा कापला की आत तपकिरी कडं दिसतं आणि दाबलं तर त्यातून पांढरट चिकट पाणी येतं. याला आपल्याकडे बांगडी म्हणतात. 1892 साली पुण्याकडच्या पिकावर या रोगाची नोंद झाली, ती देशातली पहिली समजतात. पुस्तकात त्याचं लांबलचक नाव आहे, पण इंग्रजी कागदांतही बांगडी हा शब्द गेला. हे नाव कुणाला सुचलं असेल? कापताना विळी ज्यांच्या पायाखाली आणि बांगडी ज्यांच्या हातात, त्यांनाच! आणि एक कामाची गोष्ट: हा रोग कापायच्या विळीवरून एका बटाट्यातून दुसऱ्यात जातो. एक बांगडीवाला निघाला की विळी धुतल्याशिवाय पुढचा कापू नये.

पहिलं महायुद्ध लागलं आणि इटलीच्या बेण्याचा भरवसा उरला नाही. तेव्हा पुण्याच्या शेतकी कॉलेजचे प्राचार्य हॅरॉल्ड मान आणि त्यांच्या मराठी सहकाऱ्यांनी आपल्या भागातल्या बटाटा शेतीचा बारकाईने अभ्यास केला. स्वातंत्र्यानंतर 1949 साली केंद्र सरकारची बटाटा संशोधन संस्था निघाली, ती पुढे सिमल्याला गेली. तिथल्या कुफरी गावावरून नावं पडलेल्या कुफरी ज्योती आणि कुफरी चंद्रमुखी या जाती 1968 साली आल्या. त्यातली ज्योती आपल्या जिल्ह्यात घरच्यासारखी झाली.

आणि बेणं? ते आजही बाहेरूनच येतं. इटलीऐवजी पंजाबातून, बोटीऐवजी ट्रकने, मंचरच्या बाजारात. त्याला कारण आहे. पंजाबात थंडीच्या सुरुवातीला काही आठवडे पिकावर मावा नसतो. मावाच विषाणू पसरवतो, म्हणून त्या काळात वाढवलेलं बेणं निरोगी निघतं. त्या बेण्याने उत्पन्न वाढलं, हे नाकारण्यात अर्थ नाही. पण भाव पंजाबात ठरतो आणि पठारावर पाऊस लांबला तर एकरी सात-आठ क्विंटलांचे पैसे मातीत जातात. आता वेफर बनवणाऱ्या कंपन्याही करार करतात. बेणं त्यांचं, भाव आधी ठरलेला. काहींना ते परवडतं, काहींचा माल आकाराने बसत नाही म्हणून परत येतो. करारावर सही सातबाऱ्यावर नाव असणाऱ्याची होते. नांगरामागे वाकून वेचणारीचं नाव सातबाऱ्यावरच नसेल, तर करारावर कुठून येणार? आमच्या मते गटांनी बोलायचं असेल तर आधी इथून बोलावं.

आता समुद्रापलीकडे जाऊ. इटली आणि क्रोएशिया समोरासमोर. मध्ये एड्रियाटिक नावाचा चिंचोळा समुद्र. क्रोएशियाचा किनारा खडकाळ, माती थोडी. तिथेही बटाटा जुना नाही. अठराव्या शतकात, ऑस्ट्रियाच्या राणीच्या राज्यात, तो तिथे पसरला. लिका नावाच्या डोंगराळ, गरीब भागात त्याने लोकांना जगवलं. आज तिथला बटाटा नाव सांगून विकला जातो. बटाट्याला ते क्रुम्पिर म्हणतात. मूळ जर्मन शब्दाचा अर्थ जमिनीतलं नासपती! आपण त्याला रताळ्याचं नाव दिलं, त्यांनी फळाचं.

त्यांच्या किनाऱ्यावर घरोघरी होणारी भाजी म्हणजे ब्लित्वा. तीही एक पालेभाजी, जाड देठाची, बीटाच्या कुळातली. गंमत म्हणजे आपला देशी पालकही त्याच जातीचा, बीटाचाच भाऊ. त्यामुळे ही भाजी आपल्या चुलीवर करायला काहीच अडचण नाही.

अर्धा किलो नवे बटाटे घ्या. सोलू नका, तरटाच्या तुकड्याने चोळून धुवा, साल आपोआप जाते. मोठे असतील तर दोन-चार फोडी करा. मीठ घातलेल्या उकळत्या पाण्यात टाका आणि अर्धवट शिजले की पालकाची एक मोठी जुडी त्यातच सोडा, आधी चिरलेले देठ, मग पानं. पाच मिनिटांत पाणी काढून घ्या. ते फेकू नका, आमटीत चालतं. कढईत तीन चमचे तेल तापवून सहा-सात लसूण पाकळ्या बारीक चिरून परता. लाल होऊ देऊ नका, नुसता वास सुटू द्या. त्यात भाजी घालून चमच्याच्या पाठीने थोडी दाबा, अर्धी मोडलेली, अर्धी अख्खी राहू द्या. झाली. हळद नाही, मोहरी नाही. ते ऑलिव्हचं तेल वापरतात; आम्ही घाण्याचं शेंगदाणा तेल घातलं, करडईचंही चाललं. तिकडे ही भाजी भाजलेल्या माशाबरोबर, बऱ्याचदा तारलीबरोबर खातात. आमच्यातल्या निम्म्या जणींनी ती भाकरीबरोबर खाल्ली आणि उरलेल्यांनी वर हिरवी मिरची ठेचून घातली. क्रोएशियातली बाई रागावली तर रागावो!

यासाठी नवाच बटाटा का? त्यात पाणी जास्त, पीठ कमी. तो उकळून विरघळत नाही. वड्याला मात्र जुनाच बरा, नव्याचं सारण चिकट होतं. आणि नवा बटाटा साठवायच्या भानगडीत पडू नका, आठवड्यापुरताच घ्या.

जाता जाता उपासाचं. मागच्या महिन्यात एका मैत्रिणीने विचारलं होतं, परदेशातून आलेला बटाटा उपासाला कसा चालतो? अहो, साबुदाणा ज्या कंदाचा करतात तो अमेरिकेतला, शेंगदाणा अमेरिकेतला, मिरची अमेरिकेतली, रताळं आणि राजगिराही तिकडचेच. आपल्या आज्या-पणज्यांनी धान्य नको, कंद चालेल असा हिशेब लावला आणि पाहुण्यांना पंगतीत बसवलं. कुठल्या पोथीत शोधत बसल्या नाहीत.

उजेडात राहून हिरवा पडलेला बटाटा मात्र उपास असो नसो, पोरांना देऊ नका. त्याच्या हिरव्या भागात विषारी अंश वाढतो आणि तो शिजवूनही पूर्ण जात नाही. टोपली अंधारात, कांद्यापासून लांब ठेवा.