जी-उ

जी-उ : कोरियन भाषेतील एक व्यक्तिनाम. मुलगा आणि मुलगी दोघांनाही ठेवतात. रोमन लिपीत ते दोन तुकड्यांत, मध्ये संयोगचिन्ह देऊन लिहिण्याची रूढी आहे. दुसरा तुकडा बहुधा डब्ल्यूने सुरू करतात, त्यामुळे मराठीत 'जी-वू' असेही लिहिले जाते. मूळ उच्चारात 'व' नाही. 'जी'पाठोपाठ सरळ 'उ' येतो आणि शब्दारंभीचा 'ज' किंचित 'च'कडे झुकतो. हंगुल या कोरियन लिपीत हे नाव म्हणजे शेजारीशेजारी ठेवलेली दोन अक्षरे. त्यांच्यामध्ये कसलेही चिन्ह नसते.

नावाचा अर्थ एकच सांगता येत नाही. बहुतेक कोरियन नावे हांजा म्हणजे कोरियात वापरल्या जाणाऱ्या चिनी चित्राक्षरांतून घडतात आणि एकाच उच्चाराची अनेक अक्षरे असतात. 'जी' हे शहाणपणाचे अक्षर असू शकते, संकल्पाचे, ज्ञानाचे, फांदीचे किंवा तळ्याचेही. 'उ' पाऊस असू शकतो, मित्र, पंख, विश्व किंवा दैवी साहाय्य. त्यामुळे एका वर्गातल्या दोन जी-उंपैकी एकीच्या नावाचा अर्थ 'शहाणा पाऊस' आणि दुसऱ्याच्या नावाचा 'संकल्प आणि विश्व' असा निघू शकतो. हाक मारताना यातले काहीच ऐकू येत नाही. अर्थ राहतो नोंदणीच्या कागदावर आणि आईवडिलांच्या मनात. कोणते अक्षर नावात चालेल हे दक्षिण कोरियाचे सर्वोच्च न्यायालय यादीने ठरवते. २०१५ साली या यादीत ८,१४२ अक्षरे होती, पुढे ती आणखी वाढली. हांजा न देता नुसत्या हंगुलात नाव नोंदवण्याचीही मुभा आहे.

अक्षरे निवडायला अजूनही अनेक कुटुंबे जाकम्यॉंगसो म्हणजे नाव काढून देणाऱ्या दुकानात जातात. जन्माचे वर्ष, महिना, दिवस आणि प्रहर यांवरून बाळाच्या पत्रिकेत लाकूड, अग्नी, माती, धातू, पाणी या पाचांपैकी कशाची उणीव आहे ते तिथला जाणकार पाहतो, अक्षरांच्या रेघा मोजतो आणि चार-पाच नावांची चिठ्ठी लिहून देतो. आपल्याकडे नक्षत्राच्या चरणावरून आद्याक्षर काढतात, त्याचाच हा थोडा अधिक हिशेबी भाऊ. फरक असा की चरणावरून नावाचा ध्वनी ठरतो, तर इथे ध्वनी पुष्कळदा आईवडील आधीच पक्का करून येतात आणि जाणकाराने त्याला शुभ अक्षरे तेवढी शोधून द्यायची असतात. 'जी-उच ठेवायचंय, बसतंय का बघा,' असा तो व्यवहार. 'जी' आणि 'उ' या दोन्ही ध्वनींची अक्षरे भरपूर असल्याने बहुतेक पत्रिकांत हे नाव बसवता येते. त्याच्या प्रसारामागे हे व्यावहारिक कारणही धरायला हवे.

दोघांनाही चालणारे नाव कोरियात का रुजले, हे कळायला आधीची नावे पाहावी लागतात. जुन्या घराण्यांत दोल्लिमजा नावाची पद्धत होती. एका पिढीतल्या सर्व चुलतभावांच्या नावात एक अक्षर समान असे आणि पुढच्या पिढीचे अक्षर पंचतत्त्वांच्या क्रमाने ठरे. नाव ऐकून माणूस कुळाच्या कितव्या पायरीवर आहे ते सांगता येई. वंशावळीचा ग्रंथ मुलग्यांसाठी होता, मुली पुष्कळदा या साखळीबाहेरच राहत. त्यांची नावे वेगळ्या खणातून येत. जपानी राजवटीत (१९१०–४५) मुलींच्या नावांना 'जा' हा शेवट लागला. जपानी स्त्रीनावांतल्या 'को'चे हे कोरियन वाचन. यॉंग-जा, जॉंग-जा, सुन-जा या नावांच्या आज्या आजही घरोघर आहेत. पुढे 'सुक', 'ही', 'मी' आले आणि त्यांतून सौम्यता, सौंदर्य, शील असे गुण मुलींच्या वाट्याला आले.

काही नावे याहून कडू होती. 'मल-जा' म्हणजे शेवटची. मुली पुरे झाल्या, आता थांबव, असे नियतीला सांगणारे हे नाव. 'हु-नाम' म्हणजे मागून येणारा मुलगा. ते ठेवत मुलीला, पाठच्या मुलग्याच्या आशेवर. एमबीसी वाहिनीवर १९९२-९३ मध्ये गाजलेल्या 'मुलगा आणि मुलगी' या मालिकेत जुळ्या भावंडांपैकी भावाचे नाव ग्वी-नाम (मौल्यवान पुत्र) आणि बहिणीचे हु-नाम होते. शिकायची इच्छा असलेल्या त्या बहिणीचे अख्खे आयुष्य या दोन नावांतल्या अंतराने व्यापलेले आहे. मराठी वाचकाला हे परके वाटू नये. 'नकोशी', 'नकुसा' ही नावे आपलीच आहेत. ऑक्टोबर २०११ मध्ये सातारा जिल्ह्यात अशा २८५ मुलींना समारंभपूर्वक नवी नावे देण्यात आली.

दक्षिण कोरियात १९९० साली दर १०० मुलींमागे ११६.५ मुलगे जन्मत होते. गर्भलिंग सांगण्यावर १९८७ पासून बंदी होती, तरी निवड चालूच होती. २००७ पर्यंत हे प्रमाण १०६.२ वर, म्हणजे नैसर्गिक पातळीवर आले. घराचा प्रमुख पुरुषच मानणारी होजू नोंदपद्धती २००८ च्या आरंभी रद्द झाली. गर्भलिंग सांगण्यावरचे उरलेसुरले निर्बंधही तेथील घटनात्मक न्यायालयाने फेब्रुवारी २०२४ मध्ये काढून टाकले. मुलग्याची हाव ओसरल्याने त्यांची गरज संपली, असा त्यामागचा तर्क. आज कोरियन जोडप्यांना बहुधा एकच मूल असते, पुष्कळांना तेही नाही. २०२३ मध्ये जननदर ०.७२ होता. एकुलत्या एका बाळाच्या नावावर जेवढा खल होतो तेवढा पूर्वी सहा भावंडांच्या नावांवर मिळूनही होत नसेल.

जी-उची खरी ओढ इथे आहे. त्याच्या अर्थात ती शोधू नये. शहाणपण आणि पाऊस हे अर्थ इतर शंभर नावांतही सापडतात. या नावात काय नाही ते पाहावे. कुळाची पायरी त्यात दिसत नाही. 'जा' किंवा 'सुक'सारखा पिढी सांगणारा शेवट नाही. मुलगी असल्याची क्षमा मागणे नाही, मुलगा असल्याची बढाई नाही.

जन्माआधी बाळाला लाडाने हाक मारायचे तात्पुरते नाव (थेम्यॉंग) ठेवण्याची चालही या काळात घट्ट झाली. थुनथुनी म्हणजे धट्टाकट्टा, सारांगी म्हणजे प्रेम. पोटातल्या बाळाशी बोलताना मुलगा की मुलगी हा प्रश्न बाजूला राहतो. अनेक महिने अशा नावाची सवय झालेल्या आईवडिलांना जन्मानंतरचे नावही तसेच मोकळे हवेसे वाटले तर आश्चर्य नाही.

नाव घरोघर पोचवले मात्र पडद्याने. अभिनेत्री चोई जी-उ (जन्म १९७५) हिचे मूळ नाव मी-ह्यांग, म्हणजे सौंदर्य आणि सुगंध. 'मुलीचे नाव' म्हटल्यावर तिच्या पिढीत जे डोळ्यांसमोर येई तसेच. पडद्यासाठी तिने जी-उ घेतले. २००२ च्या 'विंटर सोनाटा' या मालिकेने ती कोरियात आणि त्याहून अधिक जपानमध्ये लाडकी झाली. जपानी प्रेक्षक तिला 'जीउ राजकुमारी' म्हणू लागले. गंमत अशी की त्या मालिकेतल्या तिच्या पात्राचे यु-जिन हे नावही दोघांना चालणारे आहे. दुसऱ्या टोकाला 'पोकेमॉन'. आपल्याकडच्या मुलांनी ज्याला ॲश म्हणून ओळखले त्या टोपीवाल्या मुलाचे कोरियन भाषांतरातले नाव जी-उ आहे. एकाच काळात हे नाव एका बाजूला नाजूक नायिकेचे होते आणि दुसऱ्या बाजूला पिकाचूला घेऊन रानोमाळ हिंडणाऱ्या दहा वर्षांच्या पोराचे. एखाद्या नावाची तटस्थता टिकायला याहून चांगली जाहिरात कुणी पैसे देऊनही केली नसती.

ध्वनीचाही भाग आहे. दोन्ही अक्षरे स्वरान्त आहेत, शेवटी व्यंजनाचा आघात नाही. अशी नावे मृदू आणि आधुनिक वाटतात, हाक मारायला सोपी जातात ('जी-उ या!') आणि परदेशी माणसाच्या तोंडी फारशी मोडत नाहीत. शाळेत मात्र एक जाच ठरलेला. कोरियन भाषेत 'जिउदा' म्हणजे खोडणे आणि 'जिउगे' म्हणजे खोडरबर, त्यामुळे या नावाच्या पोराला चिडवायला वर्गाला फार डोके चालवावे लागत नाही.

संयोगचिन्हाबद्दल बराच गैरसमज आहे. इंग्लंड-अमेरिकेत दोन स्वतंत्र नावे जोडून नवे नाव करतात, फ्रान्समध्ये ज्याँ-मारीसारखी नावे आहेत. जी-उ तसे जोडनाव नव्हे. 'जी' आणि 'उ' ही दोन नावे नाहीत, एकाच नावाची दोन अक्षरे आहेत. आडरेघ रोमन लिपीची सोय म्हणून येते. २००० साली दक्षिण कोरियाने जाहीर केलेल्या रोमनीकरणाच्या नियमांत नाव सलग लिहावे असे आहे, अक्षरांमध्ये आडरेघ दिली तरी चालते. वृत्तपत्रांनी ही सवलत उचलली आणि रूढी केली. तिचा उपयोग कुठे होतो ते 'हा-उन' या नावात पाहावे. रोमनमध्ये ते सलग लिहिले तर हा-उन की हे-उन असा घोळ होतो, कारण तिथे 'ए' आणि 'उ'चे काही कोरियन स्वर दोन-दोन अक्षरांनी लिहावे लागतात. एक रेघ दिली की घोळ मिटतो. उत्तर कोरिया हीच अक्षरे सुटी लिहितो आणि प्रत्येकाची सुरुवात मोठ्या लिपीत करतो. तैवानमध्ये आडरेघ चालते, चीनमध्ये सलग लिहितात. नावाच्या रोमन रूपावरून माणूस कुठल्या सरकारच्या कागदांवर वाढला याचा अंदाज बांधता येतो.

परदेशी गेलेल्या जी-उंना या रेघेचा त्रास होतो. पासपोर्टच्या तळाशी यंत्राने वाचायच्या दोन ओळी असतात. त्यांत आडरेघेला जागा नाही, तिथे रिकाम्या जागेचे चिन्ह पडते. मग एखाद्या कचेरीत 'जी' हे नाव आणि 'उ' हे मधले नाव ठरते, आणि माणूस कायमचा नुसता 'जी' होऊन बसतो. मराठी माणसाला मधल्या नावाच्या रकान्यात वडिलांचे नाव भरायची सवय, म्हणून त्याला हा गोंधळ चटकन कळेल.

जी-उसारखीच दोघांना चालणारी आणखी नावे म्हणजे जी-मिन, जी-वॉन, सु-बिन. बीटीएसचा गायक पार्क जी-मिन पुरुष, अभिनेत्री हान जी-मिन स्त्री. शुद्ध कोरियन शब्दांपासून केलेली नावेही बरीच तटस्थ आहेत. 'हानुल' म्हणजे आकाश. कांग हानुल हा अभिनेता आणि किम हानुल ही अभिनेत्री.

तटस्थतेला मर्यादाही आहेत. २०१० च्या दशकात दक्षिण कोरियातील नवजात मुलींच्या पहिल्या दहा नावांत जी-उ वारंवार दिसते. पारडे मुलींकडे झुकलेले आहे. शिवाय हांजात उतरताना जुन्या सवयी परत येतात. मुलग्याच्या 'उ'साठी विश्वाचे अक्षर सहज सुचते, मुलीच्या 'उ'साठी पाऊस. दोघांचे नाव कानाला सारखे, कागदावर मात्र एकाला आभाळाएवढी जागा आणि दुसरीला सरी. कोरियन व्याकरण या बाबतीत उदार आहे. क्रियापदाला लिंग नाही, त्यामुळे 'जी-उ' आणि 'येणे' जोडून सबंध वाक्य बोलले तरी ती की तो कळत नाही. मराठीत ही सोय नाही. 'किरण आला' की 'किरण आली', हे आपल्याला पहिल्याच वाक्यात ठरवावे लागते. कोरियन मालिकांची उपशीर्षके मराठीत करणाऱ्याला पडद्यावर न दिसलेला जी-उ नुसता फोनवर बोलला तर पुढचा भाग आधी पाहावा लागतो. पुण्याजवळच्या कोरियन कंपन्यांशी पत्रव्यवहार करणाऱ्याला 'सर' लिहावे की 'मॅडम', हा प्रश्न पडत असेलच.

आपले नाव नको असलेल्या मोठ्यांसाठीही वाट मोकळी झाली आहे. सर्वोच्च न्यायालयाने २००५ मध्ये नाव बदलण्याचे निकष सैल केले, आणि त्याच वर्षीच्या 'माय लव्हली साम-सुन' या मालिकेत जुनाट नावाने वैतागलेली पेस्ट्री करणारी नायिका नाव बदलायला धडपडते. त्यानंतर दरवर्षी लाखाहून अधिक लोक नाव बदलू लागले. सुन-जाच्या पिढीतल्या काहींनी उतारवयात नातीला शोभेलसे नाव घेतले.

जी-उच्या लोकप्रियतेची किंमत जी-उंनाच मोजावी लागते. दक्षिण कोरियात किम, ली आणि पार्क या तीन आडनावांतच सुमारे ४५ टक्के लोक मावतात, म्हणून एका वर्गात दोन किम जी-उ निघणे नित्याचे आहे. मग हजेरीपटावर 'किम जी-उ ए' आणि 'किम जी-उ बी' येतात, किंवा थोरली जी-उ आणि धाकटा जी-उ. २०२० नंतरचे आईवडील ही गर्दी टाळायला ई-जुन, ई-सॉ अशा नावांकडे वळले आहेत. त्यांपैकी पहिले मुलग्याचे आणि दुसरे मुलीचे, हे कोरियन कानाला न सांगता कळते.