‘द थिंग’ : न दाखवलेले भय

जॉन कारपेंटरचा ‘द थिंग’ २५ जून १९८२ रोजी अमेरिकेत प्रदर्शित झाला, तेव्हा बहुसंख्य समीक्षकांनी त्याला झोडपले. दोनच आठवड्यांपूर्वी स्पिलबर्गचा ‘ई. टी.’ आला होता. परग्रहावरचा पाहुणा लोभस असतो, अशी प्रेक्षकांची मनोभूमिका तयार झाली होती. कारपेंटरवरचा मुख्य आक्षेप मात्र वेगळा होता : हा चित्रपट फार दाखवतो. रॉब बॉटिनने रबर आणि यंत्रे यांतून घडवलेली फाटणारी, उमलणारी शरीरे पाहता हा आक्षेप निराधार म्हणवत नाही. पण तो अर्धाच आहे.

अंटार्क्टिकावरील तळावर बारा पुरुष आणि त्यांच्यापैकी कुणाचेही हुबेहूब रूप घेणारा एक जीव, एवढेच कथानक. नॉरिस आणि पामर ‘ते’ कधी झाले, हे चित्रपट दाखवत नाही. राक्षस डोळ्यांसमोर आहे. गळून पडला आहे तो बदलाचा क्षण.

ह्याचे मूळ जॉन डब्ल्यू. कॅम्बेलच्या ‘हू गोज देअर?’ (१९३८) ह्या दीर्घकथेत आहे. हॉवर्ड हॉक्सने निर्मिलेल्या १९५१च्या रूपांतरात अनुकरणाची कल्पनाच वगळली गेली. शत्रू बाहेरचा, ओळखू येणारा झाला आणि एकजूट जिंकली. कारपेंटर आणि पटकथाकार बिल लँकेस्टर पुन्हा कॅम्बेलकडे गेले. तप्त तारेने रक्त तपासण्याचा प्रसंगही कथेतलाच. शेवट मात्र त्यांचा स्वतःचा. कॅम्बेलची माणसे जिंकतात. येथे जळत्या तळासमोर मॅक्रेडी आणि चाइल्ड्स बसून राहतात, परस्परांविषयी निःशंक न होता. चाइल्ड्सच्या श्वासाची वाफ दिसते की नाही, ह्यावर चाहते आजही वाद घालतात. (उत्तर सापडले तर चित्रपट संपेल, हे त्यांच्या ध्यानात येत नसावे.)

व्हिडिओ कॅसेटच्या काळात चित्रपटाला त्याचा प्रेक्षक भेटला. एन्निओ मोरिकोनेने त्यासाठी रचलेले, पण न वापरलेले काही संगीत टॅरँटिनोच्या ‘द हेटफुल एट’मध्ये (२०१५) ऐकू येते. तेथेही बर्फ, कोंडलेली माणसे, संशय आणि कर्ट रसेल!

२०११ साली ‘द थिंग’ ह्याच नावाने पूर्वकथा आली. नॉर्वेजियन तळ, बर्फातले यान, जीवाचा शोध असे सारे तिने सविस्तर सांगितले. पुढे कॅम्बेलच्या कथेचा आधीचा, दीर्घ खर्डा सापडला आणि २०१९ साली ‘फ्रोझन हेल’ नावाने प्रसिद्ध झाला. त्याच्या आरंभीची पाने ह्याच शोधाची आहेत. कॅम्बेलने ती १९३८ पूर्वीच कापून टाकली होती.