फिरते न्यायाधीश रानडे

वसंत व्याख्यानमालेस जमणाऱ्या श्रोत्यांना न्यायमूर्ती रानडे यांचे नाव नवे नाही. पुण्याची व्याख्यानमाला त्यांच्याच प्रेरणेने १८७५ साली सुरू झाली. त्याच वर्षी १२ मे रोजी पुणे जिल्ह्यातील सुपे गावी, ऐन बाजारच्या दिवशी, शेतकऱ्यांनी सावकारांवर चाल केली. मारहाणीपेक्षा त्यांचा रोख खतांवर होता. खते हिसकावावीत आणि जाळावीत, एवढेच त्यांना हवे होते.

कागदावर एवढा राग का, हे पाहू. १८५९ च्या मुदतीच्या कायद्याने साध्या खताची मुदत तीन वर्षे ठरली. हेतू कुळाच्या संरक्षणाचा. परिणाम उलट झाला. तीन वर्षे भरत आली की सावकार नवे खत लिहून घेई आणि थकलेले व्याज मुद्दलात जाई. फिर्याद झाली की न्यायाधीशापुढे शेवटचे खत तेवढे येई. खाली अंगठा, वर आकडा. शेतकरी अक्षरशत्रू, कोर्ट दूर, वकिलाला पैसा नाही. मग एकतर्फी हुकूमनामा आणि मागोमाग जप्ती. यात न्यायाधीश लबाड असण्याची गरजच नव्हती. तो कायद्याप्रमाणे वागला तरी शेतकरी बुडतच होता.

दंग्यांची चौकशी होऊन १८७९ साली पुणे, सातारा, सोलापूर आणि अहमदनगर या चार जिल्ह्यांसाठी कर्जनिवारणाचा कायदा झाला. आता न्यायाधीशाने खतावर न थांबता व्यवहाराच्या मुळापासून हिशेब तपासावा, असे ठरले. कर्जासाठी शेतकऱ्याची कैद बंद झाली. किरकोळ दावे गावच्या मुन्सफाकडे आले. पण आमच्या मते या कायद्यातली खरी नवलाई दुसरीच आहे. त्याने बऱ्याच दाव्यांत अपील काढून टाकले आणि त्याऐवजी खास न्यायाधीश नेमला. त्याने कोर्टाकोर्टांतून हिंडावे, निकालाचे कागद तपासावेत आणि अन्याय दिसल्यास निकाल फिरवावा.

रानडे १८७१ पासून पुण्यास सबजज्ज होते. १८७८ साली त्यांना नाशकास धाडले. पुढल्याच वर्षी, वासुदेव बळवंत फडक्यांच्या बंडाच्या धामधुमीत, त्यांची धुळ्यास बदली झाली. सरकारला त्यांचा संशय होता. धुळ्यास त्यांची पत्रे फोडून पाहिली जात. लोकांत मिसळू नये म्हणून ज्याला पुण्याहून हलवले, त्यालाच सरकारने १८८१ साली या कायद्याखाली गावोगाव फिरावयास पाठवले! सरकारी दप्तराला विनोदबुद्धी नसते म्हणतात, ते तितकेसे खरे नसावे.

प्रथम खास न्यायाधीश डॉ. पोलन यांचे सहायक म्हणून आणि १८८७ पासून स्वतः खास न्यायाधीश म्हणून रानड्यांनी हे काम केले. मध्ये काही काळ दुसऱ्या जागा आल्या, पण १८९३ साली हायकोर्टात जाईपर्यंत त्यांचा मुख्य व्याप हाच. तालुक्याच्या गावी मुक्काम आणि समोर कागदांचा ढीग. प्रतिवादीला समन्स खरोखर पोचले होते काय? हिशेब मुळापासून घेतला, की तसा शेरा नुसता मारला? ज्याला वरच्या कोर्टाची पायरी चढण्याची ऐपत नाही, त्याच्या दारापर्यंत वरचे कोर्ट आपण होऊन येत होते. या फिरतीत रमाबाईही बरोबर असत. त्यांच्या आठवणींत हे दिवस आले आहेत. मोळीवालीच्या डोक्यावर मोळी चढवून देणारे रानडे सर्वांना ठाऊक आहेत. परक्या कोर्टाचे दप्तर ओळ न् ओळ वाचणारे रानडे आम्हांला अधिक मोठे वाटतात.

कायद्याने कर्ज मात्र संपले नाही. सावकारांनी गहाणाऐवजी विक्रीचेच खत लिहून घेण्याची युक्ती काढली. शेतकऱ्याला माफक व्याजाने पैसा मिळाल्याखेरीज कोर्ट काय करणार, हे फिरतीवरच्या रानड्यांना पुरते कळले होते. म्हणून विल्यम वेडरबर्न यांच्या शेतकी पेढीच्या योजनेमागे ते उभे राहिले. ती योजना सरकारदरबारी अडली.

१८९१ च्या डिसेंबरात सामाजिक परिषदेसाठी रानडे नागपुरास आले, तेव्हा ते खास न्यायाधीशच होते. त्यांचा कायदा मात्र मुंबई इलाख्याचा. आमच्या मध्यप्रांतात कर्ज-तडजोडीचा कायदा व्हायला १९३३ साल उजाडले.